तेवीस विसंगती आणि एक कोयता

वाचकाचं पत्र, थोडक्यात. (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.)

"माझ्या धाकट्या भावाला गेल्या वर्षी सत्र न्यायालयाने खुनाच्या गुन्ह्यात जन्मठेप दिली. बांधाच्या भांडणातून आमचा चुलतभाऊ गेला. आरोपी तिघे होते. दोघे संशयाचा फायदा मिळून सुटले, भाऊ अडकला. प्रत्यक्षदर्शी साक्षीदार दोन: मयताची आई, म्हणजे आमची काकू, आणि शेजारच्या शेतातला एक जण. काकू म्हणते, भावाने डोक्यात कोयत्याचे तीन वार केले. शेजारी म्हणतो, कोयत्याचा एकच, बाकी दोघांनी दांडक्याने मारलं. डॉक्टरांना कापलेली जखम एकच मिळाली. मी सगळे कागद वाचून वहीत २३ विसंगती काढल्या आहेत. वकील म्हणतात, यातल्या दहा टिकल्या तरी भाऊ सुटेल. भाऊजी म्हणतात, हायकोर्ट खालचा निकाल फिरवत नाही, उगाच आशा धरू नका. आता शेजाऱ्याने निरोप पाठवलाय की तो 'खरं काय ते' प्रतिज्ञापत्रावर लिहून द्यायला तयार आहे. मी त्याला जाऊन भेटू का? आई रोज विचारते, कधी येणार. इतक्या विसंगती आहेत म्हणजे तो निर्दोषच ना?"

ताई,

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं आणि सोबतचे वहीच्या पानांचे फोटो त्याहून जास्त वेळा. निळ्या शाईत साक्षीदाराचं म्हणणं, लाल शाईत विसंगती, समासात पान नंबर. इतकं नेटकं काम पुष्कळ ज्युनिअर वकिलांच्या हातून होत नाही. म्हणूनच सांगायला जड जातंय की या २३ पैकी सतरा-अठरा नोंदी अपिलात कुणी वाचूनसुद्धा दाखवणार नाही. उरलेल्यांत मात्र दम आहे. त्यातली सगळ्यात महत्त्वाची तुम्ही एकोणिसाव्या नंबरवर टाकली आहे. तिच्याकडे येतोच.

आधी भाऊजींचं बोलणं बाजूला ठेवू, कारण ते चूक आहे. दोषसिद्धीविरुद्धच्या पहिल्या अपिलात उच्च न्यायालय सगळा पुरावा नव्याने वाचतं. 'खालच्या न्यायाधीशांनी साक्षीदार समोर पाहिलेत, त्यांचंच खरं' एवढ्यावर अपील फेटाळता येत नाही. पुराव्यावर स्वतःचं मत बनवणं हे अपील न्यायालयाचं कर्तव्यच आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने पदम सिंग प्रकरणात सांगितलं. वकील हजर नाही म्हणूनही ते काढून टाकता येत नाही, गुणदोषांवरच निकाली काढावं लागतं. हा बानी सिंग प्रकरणाचा १९९६ चा निकाल. फिरवून फिरवून तोच निकाल येतो असा अनुभव भाऊजींच्या ओळखीत कुणाला आला असेल, पण तो कायदा नव्हे.

आता वकीलसाहेबांचं 'दहा टिकल्या तरी'. वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत मीही असाच हिशेब करायचो. खुनाचं एक अपील होतं आणि मी ३१ विसंगतींचा तक्ता घेऊन उभा राहिलो होतो. शर्टाचा रंग, विजेचा खांब, कुत्रं आधी भुंकलं की नंतर. चौथ्या मुद्द्यावर न्यायमूर्तींनी पेन खाली ठेवलं आणि शांतपणे विचारलं, "वकीलसाहेब, यातल्या कुठल्या गोष्टीमुळे तुमचा माणूस तिथे नव्हता असं होतं?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. अपील फेटाळलं गेलं. तो तक्ता अजून माझ्या कपाटात आहे.

तोच प्रश्न तुमच्या वहीतल्या प्रत्येक नोंदीला विचारा. काकू म्हणाली सात वाजले होते, शेजारी म्हणाला साडेसात. काकूच्या मते ती २० फुटांवर होती, शेजाऱ्याच्या मते ५०. एकाने भावाचा शर्ट निळा सांगितला, दुसऱ्याने 'काळपट'. यातलं सगळं चुकलेलं असलं तरी भाऊ तिथे होता की नव्हता, हे जिथल्या तिथेच राहतं. माणूस घड्याळ बघून किंवा टेप लावून खून पाहत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली भरवाडा भोगिनभाई प्रकरणात याची कारणं सविस्तर दिली: साक्षीदाराच्या डोक्यात कॅमेरा नसतो, वेळ आणि अंतर लोक अंदाजाने सांगतात, अवचित घडलेल्या गोष्टीत एकाची नजर एकीकडे असते नि दुसऱ्याची दुसरीकडे, आणि कोर्टाच्या पिंजऱ्यात भलेभले गडबडतात. ते प्रकरण खुनाचं नव्हतं, पण खुनाच्या अपिलांत सरकारी वकील आजही तो निकाल हातात घेऊनच उभे राहतात.

उलट, दोन साक्षीदार शब्दाला शब्द जुळवून बोलले तर माझे कान टवकारतात. पढवलेली साक्ष तशीच येते. तेव्हा वही सरकारी वकिलाच्या नजरेनेही एकदा वाचा. वेळेची नि रंगाची तफावत दाखवून तो म्हणेल, "बघा, यांना कुणी पढवलेलं नाही."

वहीत दुसरी एक अडचण आहे, जरा तांत्रिक, पण ती न कळल्याने पुष्कळ कुटुंबं फसतात. तुमच्या नऊ नोंदी अशा आहेत: 'पोलिसांकडच्या जबाबात असं, कोर्टात तसं.' पोलीस तपासात जो जबाब लिहून घेतात, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६१ चा, त्यावर साक्षीदाराची सही नसते, आणि तो स्वतः पुरावा नसतो. बचाव पक्षाला त्याचा उपयोग साक्षीदाराला खोटं पाडायला तेवढा करता येतो, तोही ठरलेल्या रीतीने. उलटतपासणीत तो मजकूर साक्षीदाराला दाखवायचा, 'असं सांगितलं होतं का' म्हणून विचारायचं, तो नाही म्हणाला तर तेवढा भाग 'पोर्शन मार्क ए' म्हणून चिन्हांकित करून घ्यायचा आणि पुढे तपासी अंमलदाराच्या साक्षीत 'हा मजकूर साक्षीदाराने सांगितल्याप्रमाणेच लिहिला' असं वदवून घ्यायचं. ही साखळी तुटली तर तुमच्या डोळ्यांना दिसणारी विसंगती कोर्टाच्या लेखी नसते. म्हणून तपासी अंमलदाराची उलटतपासणी काढून बघा. तुम्ही पाठवलेल्या पानांत मला 'पोर्शन मार्क' तीनच ठिकाणी दिसले. नऊच्या तीन झाल्या.

फिर्यादीचंही तसंच. फिर्याद काकूची आहे. तिच्यातला मजकूर काकूच्या साक्षीला छेद द्यायला चालतो. शेजाऱ्याला 'फिर्यादीत तर असं नाही' म्हणून कोंडीत पकडता येत नाही. वहीतली नोंद १२ आणि १४ इथेच गळतात.

पोलिसी जबाब कसे लिहिले जातात हे वकिलांइतकंच न्यायाधीशांनाही ठाऊक असतं. बाई तिच्या बोलीत पाच वाक्यं बोलते, लिहिणारा ती ठरावीक साच्याच्या दोन वाक्यांत बसवतो. 'ध'चा 'मा' करायला दर वेळी कारस्थान लागत नाही, घाई पुरते. म्हणून जबाबात नसलेली बारीकसारीक गोष्ट कोर्टात आली तर फारसं बिघडत नाही. मुळावरच येणारी गोष्ट, म्हणजे मारणाऱ्याचं नाव किंवा हत्यार, जबाबात नसेल आणि कोर्टात पहिल्यांदा उगवली, तर ते वगळणंच विसंगतीइतकं जड ठरतं. काकूच्या जबाबात 'तीन वार' नव्हते, नुसतं 'कोयत्याने मारले' होतं. हा तुमच्या तीन पोर्शन मार्कांपैकी एक आहे.

आता तो एकोणिसावा मुद्दा. शवविच्छेदन अहवालात डोक्यावर कापलेली जखम एक, खाली कवटीचं हाड मोडलेलं, आणि पाठीवर मुका मार लागल्याच्या दोन खुणा. डॉक्टर म्हणतात एक, काकू म्हणते तीन. तुम्ही समासात लिहिलंय, 'काकू खोटी ठरली!!' दोन उद्गारचिन्हं.

थांबा जरा. कोयता डोळ्यांसमोर आणा. त्याला धार एकाच बाजूला असते, दुसरी बाजू जाड, बोथट. धारेने मारलं तर कापतं, पाठीने मारलं तर मुका मार. सरकारी वकील म्हणेल, एक धारेचा नि दोन पाठीचे, झाले की काकूचे तीन. तुम्ही म्हणाल, काकूने तिन्ही डोक्यात सांगितले होते, मुक्या माराच्या खुणा तर पाठीवर आहेत. बरोबर, इथे तुमचा मुद्दा टिकतो. पण दिवेलागणीला धावत येणाऱ्या आईने तीनदा उठलेला हात पाहिला आणि तिन्ही वार डोक्यातच पडले असं धरलं, असंही न्यायमूर्तींना वाटू शकतं. तेव्हा प्रश्न 'काकू खोटी का' हा नाही. डॉक्टरांना हे कुणी विचारलं का? जप्त केलेला कोयता साक्षीच्या वेळी त्यांच्या हातात देऊन 'या हत्याराने या तिन्ही जखमा होऊ शकतात का' असं विचारलं गेलं का? हत्यार डॉक्टरांना दाखवून त्यांचं मत घेणं ही सरकार पक्षाची जबाबदारी आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७६ मध्येच बजावलंय. डॉक्टरांची सरतपासणी (सरकारी वकिलाने घेतलेली साक्ष) तुमच्याकडे आहे, चारच पानं आहेत. वाचा आणि वकिलांना कळवा.

डोळ्यांनी पाहणारा आणि डॉक्टर यांच्यात तफावत पडली तर कोण जिंकतो? पुष्कळांना वाटतं, डॉक्टर, कारण ते शास्त्र. आपल्याकडचा नियम वेगळा आहे. प्रत्यक्षदर्शी विश्वासार्ह असेल तर सहसा त्याचंच धरतात. डॉक्टर 'असं होऊ शकतं' एवढंच सांगतो. पण वैद्यकीय पुरावा असा असेल की साक्षीदार सांगतो तसं घडणं शक्यच नाही, तर साक्षीदारावरचा विश्वास उडतो. अब्दुल सईद विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या २०१० च्या निकालात हे सगळं एकत्र मांडलंय. 'जुळत नाही' आणि 'शक्यच नाही' यांतलं हे अंतर तुमच्या वकिलांना पार करायचं आहे. मृत्यूच्या वेळेवरून तुम्ही केलेल्या नोंदी (पोटातलं अन्न, शरीराचा ताठरपणा) त्या अंतरात कमी पडतात. ताठरपणा उन्हाळ्यात लवकर येतो नि लवकर जातो, पचनाचा वेग माणसागणिक बदलतो. डॉक्टर तासांचा पल्ला सांगतात, मिनिटं नाही.

शेजाऱ्याच्या साक्षीकडे वळू, कारण इथे तुमची वही एक गोष्ट हुकली आहे. त्याने सांगितलं: कोयत्याचा एक, दांडक्याचे दोन. डॉक्टरांना मिळालं: कापलेली एक, मुक्या माराच्या दोन. चपखल बसतं. म्हणजे वैद्यकीय पुराव्याशी भांडणारी साक्ष काकूची, आणि हातात हात घालून चालणारी शेजाऱ्याची. पण त्याच शेजाऱ्याने ज्या दोघांच्या हाती दांडकी दिली, ते सुटले! दांडकी सापडली नाहीत आणि अंधारात ओळख पटवणं शंकास्पद, असं निकालात लिहिलंय. मग त्याच अंधारात भावाची ओळख कशी पटली?

हा तुमचा सर्वांत जड मुद्दा आहे, आणि २३ मध्ये तो नाहीच, कारण तुम्ही साक्षी एकमेकांसमोर ठेवल्या, पण निकालातली दोघांची मुक्तता आणि भावाची शिक्षा एकमेकांसमोर ठेवली नाहीत. सारख्याच पुराव्यावर एकाला शिक्षा आणि दुसऱ्याची मुक्तता असं करता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये जावेद शौकत अली कुरेशी प्रकरणात स्पष्ट केलं आहे. मात्र 'एकात खोटा तो सगळ्यात खोटा' हे तत्त्व भारतात चालत नाही; कोर्टाने दाणे आणि कोंडा वेगळा करायचा असतो. भावाविरुद्ध जास्तीचं काही आहे का, यावर सगळं येऊन ठेपतं.

जास्तीचं म्हणजे त्याने काढून दिलेला कोयता. जप्तीचे दोन्ही पंच फितूर झाले, आणि रासायनिक विश्लेषकाचा अहवाल म्हणतो, रक्त माणसाचं, गट अनिर्णायक. तुम्ही याला 'पुरावा शून्य' म्हटलंय. शून्य नाही. पंच फितूर झाले तरी तपासी अंमलदाराच्या साक्षीवर जप्ती सिद्ध होऊ शकते. फितूर साक्षीदाराचीही सगळी साक्ष पुसली जात नाही, पटणारा भाग वापरता येतो. पण गट न जुळलेलं रक्त आणि फिरलेले पंच, एवढ्या पुंजीवर भावाला बाकी दोघांपासून वेगळं काढायचं म्हणजे ओढाताण आहे. मी अपील चालवत असतो तर इथेच पाय रोवले असते.

काकू नात्यातली, म्हणून तिची साक्ष आपोआप हलकी, असं मात्र कुणी सांगितलं तर मानू नका. पोटचा गेलेली आई खऱ्या मारेकऱ्याला सोडून दुसऱ्याला का गोवेल, हा प्रश्न कोर्ट विचारतं. १९५३ च्या दलीप सिंग प्रकरणापासून विचारत आलंय. साक्षीदार किती यालाही अर्थ नाही. खुनासाठी एकच पूर्ण भरवशाचा साक्षीदार पुरतो, हे १९५७ चं वडिवेलू थेवर प्रकरण. बांधाचं जुनं वैर दुधारी आहे. खोटं गोवायचं कारण म्हणून तुम्ही ते दाखवाल, खून करायचं कारण म्हणून समोरचा.

(ज्या वाचकांच्या खटल्यात प्रत्यक्षदर्शी कुणी नाही, त्यांच्यासाठी कंसात. तिथे मोजपट्टी वेगळी. परिस्थितीचा प्रत्येक दुवा पक्का सिद्ध व्हावा लागतो आणि सगळी साखळी आरोपीखेरीज दुसऱ्या कुणाकडे बोट दाखवणारी नसावी लागते. १९८४ च्या शरद बिरधीचंद सारडा खटल्यात सत्र न्यायालयाने फाशी दिली, मुंबई उच्च न्यायालयाने ती कायम केली, आणि सर्वोच्च न्यायालयाने मुक्तता. तुमच्या केसमध्ये एक दुवा विसंगत असेल तर तो प्रत्यक्षदर्शींच्या केसपेक्षा कितीतरी जड पडतो.)

तुमचे वकील 'सुटेल' म्हणतात, भाऊजी 'सडेल' म्हणतात. दोघांच्या मध्ये एक वाट आहे, तिच्याबद्दल पत्रात अक्षर नाही. विसंगतींमुळे कधी कधी माणूस सुटत नाही, गुन्हा बदलतो. अचानक भांडण, आधी ठरवलेलं काही नाही, रागाच्या भरात एकच वार असं पुराव्यातून दिसलं, तर जुन्या दंड संहितेच्या कलम ३०२ ऐवजी ३०४ लागू शकतं, म्हणजे खून नव्हे तर सदोष मनुष्यवध. त्याच्या दुसऱ्या भागात जास्तीत जास्त १० वर्षं. एक वार म्हणजे आपोआप ३०४ असं समीकरण नाही हे लक्षात ठेवा. डोक्यावर, कवटी फुटेल इतक्या जोराचा कोयता हा साधा वार नाही, आणि कोयता शेतात हाताशी होता की घरून आणला यावर बरंच ठरेल. तरी 'काकूचे तीन खोटे, शेजाऱ्याचा एक खरा' हे पटलं तर ही वाट उघडते. आता तिढा बघा: 'शेजाऱ्याने अंधारात ओळखलंच नाही' म्हणायचं आणि 'शेजारी म्हणतो तसा एकच वार' हेही म्हणायचं. पर्यायी मुद्दा म्हणून कायद्याला हे चालतं, पण मांडायला कौशल्य लागतं. कोर्टापुढच्या आरोपीच्या जबाबात, जुन्या कलम ३१३ च्या, भावाने काय सांगितलं होतं? 'मी तिथे नव्हतोच' म्हणाला असेल तर ही वाट बंद होत नाही, अरुंद होते. वकिलांना थेट विचारा, 'पर्यायी मुद्दा घेणार का?' आणि उत्तर भावापर्यंत पोचवा. निर्णय त्याचा आहे.

शेजाऱ्याला भेटू का? नाही, ताई. तुम्ही नाही, भाऊजी नाही, गावातलं मधलं माणूसही नाही. शपथेवर साक्ष देऊन गेलेल्या माणसाचं नंतरचं प्रतिज्ञापत्र कोर्ट फार संशयाने बघतं. पहिला प्रश्न असतो, 'आरोपीच्या घरचं कोण भेटलं होतं?' अपिलात नवा पुरावा घेण्याचा अधिकार न्यायालयाला आहे (जुनं कलम ३९१, नव्या संहितेत ४३२), पण तो क्वचित वापरतात, साक्ष फिरवायची सोय म्हणून तर नाहीच. शेजाऱ्यालाही धोका आहे. खुनात कुणाला शिक्षा व्हावी म्हणून खोटी साक्ष देण्याला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे, आणि बेस्ट बेकरी प्रकरणात वारंवार साक्ष फिरवणाऱ्या साक्षीदाराला सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये अवमानाबद्दल एक वर्षाची कैद दिली होती. त्याहून मोठी गोष्ट, त्याची आहे ती साक्ष तुमच्या कामाची आहे! तीच वैद्यकीय पुराव्याशी जुळते, काकूच्या 'तीन'ला छेद देते आणि दोघांच्या मुक्ततेशी मेळ खात नाही. ती पुसून तुम्हाला काय मिळणार? निरोप कधी, कुणामार्फत आला ते तारीख घालून लिहून ठेवा, वकिलांना सांगा, पुढे ते बघतील.

मधल्या काळात करायच्या गोष्टी आहेत. अपील दाखल झालंय, पण शिक्षेला स्थगिती आणि जामीन यांचा अर्ज केलाय का, ते पत्रात नाही. जन्मठेपेत तो सहज मिळत नाही; निकालात वरवर बघताही डोळ्यांत भरणारी चूक दाखवावी लागते. तिथे सह-आरोपींच्या मुक्ततेचा मुद्दा एकटा, दोन पानांत मांडा. २३ मुद्दे जोडलेत की तो त्यांत बुडेल. अर्ज एकदा फेटाळला तरी अपील लवकर लागण्याची चिन्हं नसतील तर काही वर्षांनी पुन्हा करता येतो. अपील ऐकायला वेळ नाही म्हणून माणसाला आत ठेवणं योग्य नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७७ सालीच काश्मिरा सिंग प्रकरणात म्हटलंय. पेपरबुक, म्हणजे अपिलासाठी बांधलेला सगळ्या कागदांचा संच, तयार झालं का, हे दर महिन्याला विचारा. ते हाती आलं की डॉक्टरांची साक्ष, तपासी अंमलदाराची उलटतपासणी आणि निशाणी घातलेला शवविच्छेदन अहवाल तीनही त्यात आहेत ना, पाहा. साक्षींचे मराठीतून इंग्रजी अनुवाद मूळ मराठीशी ताडून बघा. हे काम तुमच्याइतकं चांगलं कुणी करणार नाही. 'मारला' आणि 'मारलं' यांतला फरक इंग्रजीत हरवतो.

पैशाचं तुम्ही आडून लिहिलंय, जमिनीचा तुकडा विकण्याचं. 'मोठा' वकील म्हणजे मोठा निकाल, असं नसतं. कोठडीतल्या कुणालाही, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली मोफत वकील मिळतो. उच्च न्यायालयाची स्वतःची विधी सेवा समिती आहे. निकालाची प्रत आरोपीला फुकट मिळायलाच हवी, हे महाराष्ट्रातल्याच एका कैद्याच्या प्रकरणात १९७८ साली ठरलंय. समितीच्या पॅनलवर चांगलेही असतात, कंटाळलेलेही. दोन-तीन जणांना भेटा, आणि प्रत्येकाला एकच प्रश्न विचारा: 'यातले पाचच मुद्दे ठेवायचे तर कुठले?' जो २३ च्या २३ ठेवू म्हणेल त्याला नमस्कार करून या. अजून अपीलच केलं नसेल अशा वाचकांनी लक्षात ठेवावं, जन्मठेपेविरुद्ध उच्च न्यायालयात जायची मुदत ६० दिवस आहे. उलटली तर योग्य कारण देऊन उशीर माफ करून घेता येतो, आणि तुरुंगाधिकाऱ्यांमार्फतही अपील धाडता येतं.

तुमचा शेवटचा प्रश्न राहिला. 'इतक्या विसंगती म्हणजे तो निर्दोषच ना?' कायद्याचं उत्तर एका ओळीचं आहे: अपील निर्दोषपणा शोधत नाही, सरकार पक्षाने गुन्हा वाजवी संशयापलीकडे सिद्ध केला का एवढंच बघतं. दोन शक्यता सारख्याच पटणाऱ्या असतील तर आरोपीच्या बाजूची धरायची. पण संशय वाजवी हवा. शिवाजी साहेबराव बोबडे प्रकरणात १९७३ साली न्यायालयाने 'असू शकेल' आणि 'असलाच पाहिजे' यांतलं अंतर दाखवलं आणि त्याच निकालात संशयाच्या फायद्याची अतिरेकी भक्ती करू नका, असंही बजावलं. ती आपल्याच राज्यातली केस.

पण तुम्ही कायद्याचं उत्तर मागत नव्हता, असं मला वाटतं. अख्ख्या पत्रात भाऊ काय म्हणतो, याचं एक वाक्य नाही. काकू काय म्हणते, शेजारी, डॉक्टर, भाऊजी, आई, सगळे आहेत, तो नाही. कदाचित तुम्ही विचारलंच नसेल. विचारलंच पाहिजे असं माझं म्हणणं नाही. कित्येक बहिणी आयुष्यभर विचारत नाहीत आणि डबा घेऊन दर महिन्याला जात राहतात, त्यात काही कमीपणा नाही. फक्त त्या २३ नोंदींच्या जिवावर तो प्रश्न सोडवायला जाऊ नका. निकाल 'मुक्तता' आला तरी काकू तिचे तीन वार विसरणार नाही, आणि तुम्हाला बांधापलीकडे तिचंच घर दिसणार आहे. आईला 'सुटेल' म्हणू नका, 'सडेल' तर नाहीच. अपील आहे, मोठं कोर्ट सगळं नव्याने वाचणार आहे आणि याला वर्षं लागू शकतात, एवढं सांगा. म्हातारी माणसं तारखेशिवायची वाट आपल्यापेक्षा बरी पाहतात.

वकिलाशी मात्र भावाने एकदा सगळं बोलायला हवं, त्या संध्याकाळी कोयता कुठून आला त्यासकट. ते बोलणं त्या दोघांपुरतं राहतं. पुढच्या मुलाखतीला त्याला एवढंच सांगा की वकील भेटायला येतील तेव्हा काही राखून ठेवू नकोस. आणि वही घरी ठेवून जा; जाळीच्या पलीकडून थोडीच मिनिटं मिळतात.